मैदानावरचे नाव, पडद्यावरची उमेदवारी

यवतमाळ जिल्ह्याच्या टोकाला, तेलंगणाच्या सीमेजवळ, कोळशाच्या आणि चुनखडीच्या पट्ट्यात वसलेल्या मुकुटबनसारख्या गावात खेळणारा मुलगा सहसा एकाच खेळाचा नसतो. कबड्डीत चढाई करणारा तोच, टेनिस बॉलच्या सामन्यात पहिले षटक टाकणारा तोच, व्हॉलीबॉलला नेटजवळ उभा राहणारा तोच आणि पोलीस भरतीसाठी पहाटे रस्त्याने धावणाराही तोच. शहरातल्या अकादम्या आठव्या-दहाव्या वर्षीच मुलाला एका खेळाला बांधून घेतात. गावात तशी सोय नसते, म्हणून अंग चहूबाजूंनी तयार होते. अशा चारचौघांत उठून दिसणाऱ्या मुलापुढे आज मैदान आणि पडदा ही दोन स्वप्ने एकदमच उभी राहतात. त्या दोहोंच्या मध्ये एक सरळ वाट आहे, मैदानावर नाव झाले की पडद्याचे दार आपोआप उघडते, अशी समजूतही त्यांच्याबरोबर येते. गेल्या पन्नास वर्षांचा आपला इतिहास नीट पाहिला तर ही समजूत अर्धीच खरी ठरते. नावामुळे दार उघडते, पण नावाच्या बळावर आत कोणी टिकत नाही. टिकून राहतो तो उमेदवारी करणारा, म्हणजे लहान कामापासून सुरुवात करून दुसरा धंदा मुळापासून शिकणारा. बहुतेक वेळा तर मोठे नावच या उमेदवारीच्या आड येते.

हे सर्वात स्पष्ट दिसते ते अमेरिकेतल्या चक कॉनर्स यांच्या आयुष्यात. १९२१ साली ब्रुकलिनमध्ये जन्मलेला साडेसहा फुटांच्या आसपास उंचीचा हा माणूस दोन खेळांत व्यावसायिक होता. हिवाळ्यात बास्केटबॉल आणि उन्हाळ्यात बेसबॉल असे तिथले हंगाम वेगवेगळे असल्याने दोन्हीकडे पगार घेणे शक्य होते. कॉनर्स आधी रॉचेस्टर रॉयल्सकडून आणि मग १९४६ पासून बोस्टन सेल्टिक्सकडून बास्केटबॉल खेळले. बेसबॉलमध्ये १९४९ साली ब्रुकलिन डॉजर्सकडून त्यांना एकच सामना मिळाला आणि १९५१ साली शिकागो कब्जकडून ६६ सामने. दोन्ही खेळांत ते वरच्या पायरीपर्यंत पोचले, पण कुठेही तारा झाले नाहीत. कब्जने त्यांना खालच्या दर्जाच्या लॉस एंजेलिस संघात पाठवले. एरवी ही उतरती कळा म्हटली गेली असती, पण त्या संघाचे सामने पाहायला चित्रपट धंद्यातली माणसे येत असत. १९५२ च्या ‘पॅट अँड माइक’मध्ये त्यांना पोलीस अधिकाऱ्याची छोटी भूमिका मिळाली. त्यानंतर सहा वर्षे त्यांनी मिळेल ते दुय्यम काम केले. १९५८ मध्ये ‘द रायफलमन’ ही मालिका आली आणि तिचे १६८ भाग झाले. खेळाडू म्हणून त्यांचे नाव एवढे लहान होते की प्रेक्षकांनी त्यांच्याकडून कशाची मागणी केली नाही, आणि त्यांनाही छोटी भूमिका स्वीकारताना कमीपणा वाटण्याचे कारण नव्हते. इंग्लंडचे सी. ऑब्रे स्मिथ यांची गोष्ट याहून जुनी आहे. त्यांनी फुटबॉलही खेळला आणि १८८९ मध्ये आपल्या एकमेव कसोटीत इंग्लंडचे नेतृत्व केले. तो सामना जिंकूनही त्यांनी रंगभूमीवर नव्याने पाय रोवले आणि साठी उलटल्यावर ते हॉलिवूडमधले ओळखीचे चरित्रनट झाले.

आपल्याकडे या प्रवासाचा आलेख एकाच मराठी घरात तीन पिढ्यांमध्ये उमटलेला सापडतो. मुंबईचे मधुसूदन पाटील प्रथम श्रेणीचे क्रिकेटपटू होते, राष्ट्रीय पातळीवर बॅडमिंटन खेळत आणि टेनिस, फुटबॉलमध्येही त्यांना गती होती. त्या पिढीला असे चार खेळ एकत्र खेळणे अवघड वाटत नव्हते, कारण कोणताच खेळ पोट भरत नव्हता आणि म्हणून कोणताच खेळ सगळा दिवस मागत नव्हता. त्यांचे चिरंजीव संदीप पाटील १९५६ साली जन्मले, शिवाजी पार्कच्या परिसरात वाढले आणि एका खेळाचे झाले. जानेवारी १९८१ मध्ये सिडनीला लेन पास्को यांच्या उसळत्या चेंडूचा मार डोक्यावर बसून ते मैदानाबाहेर गेले आणि त्याच महिन्यात ॲडलेडला त्यांनी १७४ धावा काढल्या. १९८२ च्या उन्हाळ्यात मँचेस्टरला त्यांनी बॉब विलिस यांच्या एका षटकात सहा चौकार मारले. त्यात एक नोबॉल होता, म्हणून ते षटक सात चेंडूंचे झाले. पुढच्या वर्षी त्याच मैदानावर विश्वचषकाच्या उपांत्य सामन्यात ३२ चेंडूंत नाबाद ५१ धावा काढून त्यांनी भारताला अंतिम सामन्यात नेले. त्या काळी या देशात याहून झळाळते नाव असलेले फलंदाज थोडेच होते. १९८५ साली ‘कभी अजनबी थे’ या हिंदी चित्रपटात ते नायक म्हणून आले, समोर पूनम ढिल्लन आणि खलनायकाच्या भूमिकेत यष्टिरक्षक सय्यद किरमाणी. चित्रपट चालला नाही आणि नायक म्हणून त्यांची वाटचाल तिथेच थांबली.

याला एका माणसाचा मोह म्हणून सोडून देणे सोपे आहे, पण त्याआधीचा आणि नंतरचा क्रम पाहिला की त्यामागची आर्थिक रचना दिसते. प्रेक्षकांच्या मागणीनुसार षटकार मारणारे म्हणून गाजलेले सलीम दुराणी १९७३ च्या ‘चरित्र’मध्ये परवीन बाबी यांच्यासोबत नायक होते. सुनील गावस्कर १९८० च्या ‘सावली प्रेमाची’ या मराठी चित्रपटात नायक झाले. विनोद कांबळी २००२ साली ‘अनर्थ’मध्ये दिसले. या तीस वर्षांत आपल्याकडे क्रिकेटपटूच्या प्रसिद्धीची उंची आणि त्याच्या कमाईची उंची यांत मोठी तफावत होती. १९८३ चा विश्वचषक जिंकून आलेल्या संघाला बक्षीस द्यायला मंडळाच्या तिजोरीत पुरेसे पैसे नव्हते. लता मंगेशकर यांनी दिल्लीत कार्यक्रम केला आणि त्यातून प्रत्येक खेळाडूला एक लाख रुपये देता आले. ज्याला सारा देश ओळखतो त्याच्या हाती मानधन मात्र बेताचे, अशी स्थिती असली की ओळखीचे रूपांतर रोखीत करून देणारा बाजार शोधला जाणारच. त्या वेळी असा सर्वात मोठा बाजार हिंदी चित्रपटांचा होता. म्हणून हे खेळाडू पडद्याकडे वळले यात त्यांना दोष देण्यासारखे काही नाही. चूक त्या सौद्याच्या रीतीत होती. निर्मात्याला नाव हवे होते, नट नको होता. त्यामुळे खेळाडूला थेट नायकाची जागा मिळाली. ज्या कामात इतरांची वर्षानुवर्षे उमेदवारी जाते, त्याच्या शेवटच्या पायरीवर त्याला पहिल्याच दिवशी उभे केले गेले.

याच्या अगदी उलट वाटेने गेलेला माणूस म्हणजे सलील अंकोला. १ मार्च १९६८ रोजी सोलापुरात जन्मलेल्या या वेगवान गोलंदाजाने महाराष्ट्राकडून पहिल्याच रणजी सामन्यात गुजरातविरुद्ध हॅटट्रिकसह सहा बळी घेतले. लगेच पाकिस्तान दौऱ्यासाठी निवड झाली. १५ नोव्हेंबर १९८९ रोजी कराचीत सुरू झालेली कसोटी आज सचिन तेंडुलकर यांच्या पदार्पणासाठी ओळखली जाते. पाकिस्तानच्या वकार युनूस यांचेही ते पदार्पण होते आणि सलील अंकोला यांचेही. तेंडुलकर तिथून २०० कसोटींपर्यंत गेले. अंकोला यांनी त्या सामन्यात दोन बळी घेतले आणि पुन्हा कसोटीत त्यांना जागा मिळाली नाही. एकदिवसीय सामने मात्र २० मिळाले. पुढे ते मुंबईकडून खेळले आणि १९९६ च्या विश्वचषकाच्या संघातही होते. १९९७ च्या सुमारास पायाच्या नडगीत हाडाची गाठ निघाली आणि तिशीच्या आतच त्यांचे क्रिकेट संपले. त्या काळी क्रिकेटपटूला कंपनी किंवा बँक नोकरी देत असे ती तो खेळतो म्हणून. धावणारा पायच निकामी झालेल्या गोलंदाजासाठी कोणतीही व्यवस्था तयार नव्हती.

अंकोला दूरचित्रवाणीकडे गेले आणि इथे काळाने त्यांना साथ दिली. नव्वदच्या दशकात उपग्रह वाहिन्या आल्या, रोजच्या मालिका सुरू झाल्या आणि मुंबईत नटांना महिनोन्‌महिने चालणारे काम मिळू लागले. चित्रपटात नवखा माणूस तीन तास दिसतो आणि निकाल लागतो. मालिकेत तो चुकतमाकत शेकडो दिवस कॅमेऱ्यासमोर उभा राहतो, संवाद पाठ करतो, प्रकाशयोजनेत स्वतःची जागा ओळखायला शिकतो. अंकोला यांची उमेदवारी अशी झाली. ‘चाहत और नफरत’सारख्या मालिकांपासून सुरुवात झाली. चित्रपटात आले तेही नायक म्हणून नव्हे, तर महेश मांजरेकर यांच्या ‘कुरुक्षेत्र’ आणि ‘पिता’मधल्या दुय्यम भूमिकांत. ही वाट सपाट नव्हती. खेळ हातातून निसटल्यानंतर मद्याच्या व्यसनाशी झालेली झुंज त्यांनी पुढे स्वतःच मुलाखतींतून सांगितली आहे. तरीही २०१६ मध्ये सुरू झालेल्या ‘कर्मफल दाता शनि’ या मालिकेत ते सूर्यदेवाच्या भूमिकेत होते, म्हणजे पहिल्या मालिकेनंतर सुमारे दीड तपाने. दुराणी, गावस्कर, पाटील आणि कांबळी यांच्या नावापुढे अंकोला यांचे क्रिकेट फार लहान आहे, पण कॅमेऱ्यासमोरच्या कामाची वर्षे मोजायची तर त्या चौघांपैकी कोणीही त्यांच्या जवळ येत नाही.

यावर पहिला आक्षेप दारासिंग यांच्या नावाने घेतला जाईल. त्यांचे नाव लहान होते असे कोण म्हणेल? मुंबईच्या आखाड्यांनी त्यांना डोक्यावर घेतले होते आणि १९६८ साली लू थेझ यांना हरवून ते जगज्जेते झाले. पण तारखा लावून पाहा. १९५२ च्या ‘संगदिल’मध्ये ते जेमतेम दिसतात. नायक म्हणून ते पुढे आले १९६२ च्या ‘किंग काँग’मध्ये. मधली दहा वर्षे कुस्तीच्या जोडीने पडद्याची ओळख करून घेण्यात गेली. नंतरचे चित्रपटही त्यांच्याकडून तेच मागत होते जे त्यांना येत होते, अंगाची ताकद आणि झुंज. त्या चौकटीत राहून त्यांनी अभिनय हळूहळू वाढवला. १९७६ च्या ‘बजरंगबली’त हनुमान केला आणि मग १९८७ मध्ये ‘रामायण’ मालिकेतला हनुमान घरोघरी पोचला. हातोडा आणि थाळीफेक असे दोन प्रकार गाजवणारे, आशियाई स्पर्धांचे सुवर्णपदक विजेते प्रवीणकुमार सोबती ‘महाभारत’मध्ये भीम झाले, तेही भूमिका अंगाच्या मापाची होती म्हणून. दारासिंग यांचे उदाहरण माझा मुद्दा मोडत नाही, उलट त्याला नेमकेपणा देते. मोठे नाव असूनही उमेदवारी करता येते, मात्र त्यासाठी खालच्या पायरीवर उभे राहण्याची तयारी लागते आणि तशी पायरी देणारा धंदाही लागतो.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. एक चित्रपट पडला म्हणून माणूस नट होऊ शकत नव्हता असे कसे म्हणता येईल? पटकथा फसते, दिग्दर्शन फसते, प्रदर्शनाची वेळ चुकते. हे मान्यच केले पाहिजे. संदीप पाटील यांना अभिनयाची जाण नव्हती असा निष्कर्ष एका चित्रपटावरून काढता येत नाही आणि तो मी काढतही नाही. माझे म्हणणे एवढेच की चुकून शिकण्याची मुभा मोठ्या नावाला मिळाली नाही. कॉनर्स यांची पहिली भूमिका फसली असती तर ती कोणाच्या लक्षातही आली नसती. पाटील यांची फसली ती साऱ्या देशासमोर. विश्वचषक जिंकणाऱ्याला पुढचे काम म्हणून नायकाच्या भावाची भूमिका कोणी देऊ केली नाही, आणि दिली असती तरी लोकांनी ती त्यांची घसरण मानली असती. याचा पुरावा त्यांच्याच पुढच्या आयुष्यात आहे. निवृत्तीनंतर त्यांनी मध्य प्रदेशचे नेतृत्व केले, ‘एकच षटकार’ या मराठी क्रीडा नियतकालिकाचे संपादन केले आणि प्रशिक्षणात एकेक पायरी चढत केनियाच्या संघापर्यंत पोचले. २००३ च्या विश्वचषकात केनिया उपांत्य फेरीत गेला तेव्हा त्या संघाचे प्रशिक्षक पाटील होते. २०१२ ते २०१६ या काळात ते राष्ट्रीय निवड समितीचे अध्यक्ष होते. म्हणजे ज्या क्षेत्रात त्यांना उमेदवारी करू दिली गेली, तिथे ते शिखरावर गेले. माणूस तोच होता, फरक पायऱ्यांचा होता.

तिसरा आक्षेप असा की ही सगळी क्रिकेटची गोष्ट झाली, इतर खेळांचे काय? त्याचे उत्तर दादरच्या तरण तलावात सापडते. मिलिंद सोमण १९६५ मध्ये ग्लासगोत जन्मले, पण वाढले दादरला. ऐंशीच्या दशकात ते ब्रेस्टस्ट्रोकचे राष्ट्रीय विजेते होते, आणि पोहण्याला आपल्याकडे प्रेक्षकच नसल्याने त्या विजेतेपदाला रस्त्यावर कोणी ओळखत नव्हते. १९९५ च्या ‘मेड इन इंडिया’ या गाण्याने त्यांचा चेहरा घरोघरी पोचवला, तेव्हा लोकांना समोर मॉडेल दिसला, जलतरणपटू नव्हे. ‘कॅप्टन व्योम’ ही मालिका, मग छोट्यामोठ्या भूमिका, मग ‘बाजीराव मस्तानी’तले अंबाजीपंत, असे ते चढत गेले. पोहणे, सायकल आणि धावणे एकत्र असलेली झुरिकची आयर्नमॅन स्पर्धा त्यांनी २०१५ मध्ये पन्नाशीच्या उंबरठ्यावर पूर्ण केली आणि २०१७ मध्ये फ्लोरिडातली ५०० किलोमीटरहून लांब अल्ट्रामॅन. बहुखेळी हे विशेषण त्यांना नट झाल्यानंतर लागले. नाशिकच्या संयमी खेर यांनीही बॅडमिंटन आणि क्रिकेट दोन्ही खेळलेले आहे. २०१६ च्या ‘मिर्झिया’त त्या थेट नायिका म्हणून आल्या आणि चित्रपट पडला. पण त्यांच्यावर खेळातल्या कीर्तीचे ओझे नव्हते, म्हणून त्या पडण्यातून सावरता आले. मराठी ‘माउली’, वेब मालिका, वेगवेगळ्या मापाच्या भूमिका करत त्या २०२३ च्या ‘घूमर’पर्यंत आल्या आणि तिथे एका हाताने गोलंदाजी करणारी खेळाडू साकारताना मैदानावरचा जुना सराव कामी आला.

या साऱ्या पुराव्यातली सर्वात बोलकी गोष्ट पाटील घराण्याच्या तिसऱ्या पिढीत घडली. संदीप यांचे चिरंजीव चिराग पाटील मराठी पडद्यावर काम करत होते, ‘वजनदार’सारख्या चित्रपटात दिसले होते. १९८३ च्या विश्वविजयावरचा ‘८३’ हा चित्रपट २०२१ मध्ये आला तेव्हा त्यात त्यांनी वडिलांचीच भूमिका केली. त्या चित्रपटातल्या नटांना क्रिकेट शिकवायला १९८३ च्या संघातले बलविंदरसिंग संधू नेमले होते आणि कॅमेरा सुरू होण्यापूर्वी त्या नटांनी मैदानावर घाम गाळला. यातला भेद लक्षात घेण्याजोगा आहे. नटाने क्रिकेटपटू व्हायचे तर त्याला आधी शिकवले पाहिजे, हे निर्मात्यांना विचारण्याचीही गरज वाटली नाही. १९८५ साली क्रिकेटपटूला नट करताना मात्र नाव पुरेसे आहे असे धरले गेले. खेळ हे कौशल्य आहे आणि अभिनय हा चेहऱ्याचा धंदा आहे, हा तो गैरसमज. नाटकाच्या तालमींवर पोसलेल्या महाराष्ट्रात तरी तो कोणी बाळगू नये.

आता काळ पुन्हा बदलला आहे. २००८ पासून आयपीएलने क्रिकेटपटूची कमाई त्याच्या प्रसिद्धीच्या बरोबरीला आणली. निवृत्तांना समालोचन आणि प्रशिक्षणाची कामे मिळू लागली. स्वतः अंकोला २०२० मध्ये मुंबईच्या निवड समितीचे प्रमुख झाले आणि २०२३ मध्ये राष्ट्रीय निवड समितीवर आले. ज्या दरीमुळे दुराणी आणि पाटील पडद्याकडे वळले ती क्रिकेटपुरती बुजली. पण इतर खेळांत ती तशीच आहे. २०१४ मध्ये सुरू झालेल्या प्रो कबड्डीने काही मोजक्यांना चांगले पैसे दिले, मात्र तालुका आणि जिल्हा पातळीवरच्या हजारोंना त्याचा आधार नाही. शासकीय नोकऱ्यांत खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षण आहे, पण ते पदक मिळवणाऱ्यांपुरते. उरलेल्यांच्या हाती आता मोबाइल आहे आणि त्यावर एका रात्रीत मिळणारे नाव आहे. हे नाव दुराणींच्या नावापेक्षा कितीतरी हलके आणि अल्पायुषी आहे, तरी ते उमेदवारीला पर्याय ठरेल असा भास ते अधिक जोराने करून देते.

म्हणून मुकुटबनच्या कबड्डीपटूला या इतिहासातून घ्यायचा धडा निराशेचा नाही. त्याची खरी पुंजी नाव नसून सवय आहे: रोज ठरल्या वेळी हजर राहणे, पडल्यावर उठणे, शिकवणाऱ्याचे ऐकणे, चारचौघांसमोर हरणे सोसणे. हीच पुंजी कॉनर्स यांनी बास्केटबॉलमधून बेसबॉलमध्ये आणि तिथून चित्रपटात नेली, तीच अंकोला यांच्या कामी आली. एकाहून अधिक खेळ खेळलेल्या मुलाने नवशिका होणे अनेकदा अनुभवलेले असते, त्यामुळे पुन्हा एकदा नवशिका होताना तो कमी बिचकतो. आणि खेळाडूला घडवणाऱ्यांनी, म्हणजे शाळांनी, मंडळांनी आणि शासनाने, दुखापतीनंतरच्या आयुष्याचा विचार तो मैदानात असतानाच करायला हवा. त्याला दुसरे एखादे काम शिकण्याची जागा आणि शिकता शिकता चुकण्याची मुभा द्यायला हवी. सोलापूरच्या एका गोलंदाजाला ती संधी योगायोगाने सापडली, कारण त्याच वेळी वाहिन्यांना माणसे हवी होती. पुढच्या पिढीचे भवितव्य असे योगायोगावर सोडून देणे आपल्याला शोभणारे नाही.